बोललास तर येते

१२ फेब्रुवारी

ताई,

तू माझा नंबर बंद केलास, म्हणून कित्येक वर्षांनी पोस्टात जाऊन पाकीट घेतलं. काउंटरवरच्या बाईंनी विचारलं, "नोकरीचा अर्ज का?" मी म्हटलं, "तसंच काहीसं."

आईच्या वाढदिवशी तू भरल्या ताटावरून उठून गेलीस. आई अजून मलाच विचारते, जेवण फार तिखट झालं होतं का. मुळात टीव्हीवर मी केलेला गेम लावायची माझी इच्छाच नव्हती. तीच मागे लागली, की शेजारणींनी बघितला, मी आई असून बघितला नाही. मी आवाज बारीक ठेवला होता. तिला ऐकू कमी येतं, तिनं रिमोट ओढून घेतला आणि मोठा केला.

तुझा राग मला कळतो. अर्धा तरी. बोबडीबाई ही बाहुली तुझी आहे. बाबांच्या करड्या लोकरी मोज्याची, एक डोळा कोटाच्या बटणाचा, दुसरा ब्लाउजच्या, आणि तोंडात आईच्या जुन्या पर्सचं लाल अस्तर. ती हातात घालून तू हॉस्पिटलच्या तळघरातल्या खोलीत न बोलणाऱ्या मुलांपुढे बसतेस. ती मुद्दाम बोबडं बोलते, आणि मुलांना राहवत नाही, तिची चूक सुधारायला म्हणून ती तोंड उघडतात. युक्ती तुझी, मोजा बाबांचा, शिलाई आईची. माझं त्यात काहीच नव्हतं, तरी मी गेमसाठी तिचा चेहरा उचलला. विचारायला हवं होतं. चुकलं.

पण ताई, तू गेम नीट बघितलाही नाहीस. तीन वर्षं मी आणि माझा जोडीदार दाढी, दोघंच, टायरच्या दुकानावरच्या खोलीत, भिंतींना जुन्या रजया ठोकून बसलो होतो. चित्रं त्याची, आवाज आणि खेळाचे नियम माझे. एक बंद पडलेलं बाहुल्यांचं थिएटर आहे. तुम्ही तिथे दिवे दुरुस्त करायला आलेले वायरमन. मागे दार लागतं. बाहुल्यांना दिसत नाही, फक्त ऐकू येतं, आणि ऐकू येतं म्हणजे खरंच येतं. खेळणारा स्वतःच्या खोलीत किंचाळला, खोकला, शेजारच्याशी बोलला, की गेम माइकमधून ते ऐकतो आणि बाहुल्या त्याच्या दिशेनं निघतात. सगळ्यांत पुढे बोबडी. म्हणून गेमचं नावही 'बोबडी', कारण खेळणाऱ्याची बोबडी वळते. सुरुवातीच्या पाटीवर एवढंच लिहिलंय: बोललास तर येते. लोकांना हे फार आवडलं. कुठलीकुठली माणसं स्वतःला खेळताना दाखवतात आणि लाखो लोक ते बघतात. एक जण तोंडात रुमाल कोंबून खेळला.

राहिला तो आवाज. खेळणारा कपाटात लपतो तेव्हा बाहेरून बारीक आवाज येतो, "तपाट नाही. कपाट." ते ऐकून तू दारातून वळलीस आणि विचारलंस, "हा कोणाचा आवाज आहे?" नाटकात काम करणाऱ्या एका मुलीचा आहे. स्टुडिओत बोलावली होती, तिची आई सोबत होती. लहान मुलींचे आवाज सारखेच असतात, ताई. तुझ्या कानात दिवसभर तेच असतात, म्हणून तुला भास झाला.

रागाव हवं तेवढं, पण फोन चालू कर.

तुझाच
ठोंब्या


२ मार्च

ताई,

वाईट बातमी सांगायची असली की आई आधी हवापाण्याचं बोलते. काल तिनं थेट सांगितलं. पिवळ्या बुटांची मुलगी पुन्हा गप्प झाली.

तू कधी तिचं नाव घरात घेतलं नाहीस. 'पिवळे बूट' म्हणायचीस. गाडीच्या अपघातात वडील गेले तेव्हा ती मागच्या सीटवर होती आणि त्यानंतर तिनं घरी, शाळेत, सगळीकडे तोंडाला कुलूप घातलं, एवढं आम्हाला माहीत होतं. किती महिने तू तिच्यासमोर तो मोजा नाचवत बसली होतीस. ती पहिल्यांदा बोलली त्या दिवशी तू मला फोन केलास आणि हसत होतीस की रडत, ते मला कळेना.

आता आई सांगते ते असं, की त्यांच्याकडे मामेभाऊ राहायला आला होता. तो फोनवर कुणाचा तरी 'बोबडी' खेळतानाचा व्हिडिओ बघत होता आणि ती शेजारी बसून बघत होती. ओरडली नाही, रडली नाही. उठली आणि पलंगाखाली जाऊन बसली. तेव्हापासून एक शब्द नाही.

मला वाईट वाटतंय, खरंच. पण तूच विचार कर, एवढ्याशा पोरीसमोर असलं काही लावतात का? गेमवर वयाची सूचना आहे, लाल अक्षरात. मी काय घरोघरी जाऊन बघू?

मुलीच्या आईनं तक्रार केली आणि हॉस्पिटलनं तुला विचारलंय, तिचं रेकॉर्डिंग बाहेर कोणाला दिलं होतंस का. तू काय सांगितलंस? आपलं माहीत असावं म्हणून विचारतो. आणि साफ करायला तू मला ते पाठवलं होतंस, ती मेल अजून असेल तर ठेवून काय करायचंय? जुन्या मेल माणूस काढतोच. उद्या कुणाच्या हाती लागली तर त्रास तुलाच.

इकडे एक मोठी कंपनी गेम घ्यायचं म्हणते आहे. या महिन्यात ठरेल. अशा वेळी उगाच बोभाटा नको, एवढंच.

ठोंब्या


३ मार्च

ताई,

कालचं पत्र टाकून घरी आलो, आणि आज पुन्हा लिहायला बसलोय. ते पत्र मिळालं की फाडू नकोस. ठेव. चौकशीत दाखवावं लागलं तर दाखव.

आवाज तिचाच आहे.

नाटकातली मुलगी, स्टुडिओ, सोबत आलेली आई, सगळ्या थापा. तू रेकॉर्डिंग पाठवलंस, कारण पंख्याच्या घरघरीत तिचे शब्द बुडत होते आणि तुला ते डॉक्टरांच्या बैठकीत ऐकवायचं होतं. सोबत लिहिलं होतंस, "फक्त पंखा काढ. कुणाला ऐकवू नकोस. झालं की पुसून टाक." मी पंखा काढला. बोबडीबाई म्हणते, "माझा झगा तपाटात आहे." मग बराच वेळ काहीच नाही. मग ती, अगदी हळू, जराशी वैतागून: "तपाट नाही. कपाट."

तुझी फाइल तुला पाठवली आणि माझी पुसली नाही. तेव्हा मनात काही काळंबेरं नव्हतं, निदान मला तसं आठवतं. ऐकायला छान वाटायचं म्हणून ठेवली. पुढे गेममध्ये कपाटाच्या जागी काहीतरी हवं होतं. खरा आवाज मिळेपर्यंत हाताला लागेल तो तात्पुरता लावून ठेवायचा, ही आमच्या कामातली पद्धतच आहे. मी तिचा लावला. दाढी ऐकून खुर्चीवरून उठलाच. म्हणाला, "कोणाचा रे?" मी म्हटलं, "ओळखीतल्या एका मुलीचा आहे." नंतर खरोखरच दोन मुलींना बोलावलं होतं. त्यांनी चांगलं केलं. पण त्या भिण्याचं सोंग करत होत्या, आणि ही सोंग करत नव्हती. तात्पुरता म्हणून लावलेला तसाच राहिला. राहिला म्हणजे मी राहू दिला.

आज सकाळपासून एकच गोष्ट डोक्यात फिरते आहे, ती ओरडली का नाही. मी तोच व्हिडिओ लावला आणि ती मुलगी होऊन बघायचा प्रयत्न केला. ही बोबडीबाई. जगात एकटीच, जिच्याशी आपण बोललो. ती आता आपल्याच आवाजात बोलते आहे. आणि समोरचा माणूस तोंडातून आवाज काढतो, की ती येते आणि त्याला ओढून नेते. पुन्हा खेळतो, पुन्हा नेते. व्हिडिओभर तेच. 

तू इतके महिने त्या पोरीला पटवत होतीस, की बोललं तर काही होत नाही. आणि मी पाटी लावून उलटं शिकवलं. तो नियम दाढीचा नाही, ताई. माझाच. मला तो सुचला त्या दिवशी मी स्वतःवर इतका खूश झालो होतो, की आम्ही काम बंद करून फिरायला गेलो होतो.

काय करायचं ते करतो. उत्तर लिहू नकोस.


१९ मार्च

ताई,

आवाज काढला. ज्यांच्याकडे गेम आहे त्यांना नवी आवृत्ती गेली. आता कपाटात काही ऐकू येत नाही. बोबडीचा चेहराही बदलला. तो आता कुणाचाच नाही.

दाढीला न विचारता केलं. तो जिना चढून आला तोच लाल होऊन.

"तुझं डोकं ठिकाणावर आहे का? लोक त्या तीन शब्दांसाठी गेम घेतात."

"ती खरी मुलगी आहे. तुझी नि माझी चार दिवस करमणूक व्हावी म्हणून बोलली नव्हती ती." मग मी त्याला सगळं सांगितलं.

तो रजईला पाठ लावून खाली बसला. म्हणाला, "मला तू ओळखीतली मुलगी म्हणाला होतास."

"खोटं बोललो होतो."

"मलाही?" एवढंच म्हणाला. मग उठून कॉम्प्युटरच्या वायरी गुंडाळायला लागला. त्याला स्वतःची लहान मुलगी आहे, तुला माहीत आहे. जाताना किल्ली टेबलावर ठेवून गेला. मोठ्या कंपनीनं दोन दिवसांत हात झटकले, ते वेगळंच.

आणि इतकं करून काय झालं? जुने व्हिडिओ आहेत तसेच आहेत. कुणी त्या शब्दांवर गाणं केलंय. परवा बसमध्ये एका मुलाच्या शर्टावर ते छापलेलं होतं. तो माझ्यासमोरच उभा होता. मी दोन थांबे आधी उतरलो.

मग तुझ्या हॉस्पिटलात गेलो. चौकशीवाले साहेब सर्दीनं बेजार होते, नाक पुसत ऐकत होते. मी म्हटलं, बहिणीला काही माहीत नव्हतं, चोरी माझी. त्यांनी विचारलं, "रेकॉर्डिंग त्यांनी स्वतःहून पाठवलं?"

"हो, पण फक्त साफ करायला."

"म्हणजे पाठवलं."

"हो."

त्यांनी ते लिहून घेतलं आणि म्हणाले, "पहिल्याच दिवशी त्या म्हणाल्या होत्या, चूक माझी, मी ते बाहेर दिलं. कोणाला, ते सांगितलं नव्हतं. आज कळलं."

ताई, तू माझं नाव घेतलं नव्हतंस. मी तुला वाचवायला गेलो आणि वर यायला तुझ्याच डोक्यावर पाय दिला. आईनं सांगितलं, तुला घरी बसवलंय. निकाल लागेपर्यंत यायचं नाही.

जाताना तळघरात उतरलो. तुझ्या खोलीला कुलूप होतं. काचेतून आत त्या बुटक्या खुर्च्या दिसल्या, सगळ्या टेबलावर उलट्या करून ठेवलेल्या.


८ एप्रिल

ताई,

हे तुला सांगावं की नाही, यात चार दिवस गेले. मुलीची आई इथे येऊन गेली.

मी तिला शोधलं नाही, शपथ. चौकशीच्या कागदावर माझा पत्ता होता. दुपारची वेळ, खाली टायर ठोकायचा आवाज चालू, आणि दारात एक बाई. लाँड्रीचा निळा कोट अंगात, हात मनगटापर्यंत लाल. मोठ्या हॉटेलच्या चादरी इस्त्री करायच्या कामावर असते, कामावरून थेट आली होती.

"तुम्हीच का ते?"

"हो." मी उठलो. इतके दिवस मनात घोकलेलं सगळं एकदम बोलायला लागलो.

तिनं हात वर केला. "माफी मागू नका. तिचं मी काय करू, मला कळत नाही."

तिनं भिंतींवरच्या रजयांकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"तिचा आवाज माझ्याकडे नाही," ती म्हणाली. "लहानपणचे व्हिडिओ सगळे तिच्या बाबांच्या फोनमध्ये होते. तो गाडीत गेला. पुढे ती बोलायला लागली तुमच्या बहिणीकडे, आणि मी बाहेर बाकावर बसलेली. घरी थोडं थोडं पुटपुटायला लागली होती. फोन समोर धरला तर बावरेल, म्हणून मी धरला नाही. वाटलं, आता काय, बोलेलच. आता तिला ऐकायचं तर मला तुमच्या खेळाचे ते जुने व्हिडिओ लावावे लागतात. सगळ्या जगाकडे आहे तिचा आवाज. माझ्याकडे नाही."

मी मूळ फाइल शोधून लावली आणि हेडफोन तिला दिले. ती उभ्यानंच ऐकत होती. एक हात कानावर, दुसऱ्या हातानं टेबलाची कड धरलेली.

"पंखा ऐकू येतोय," ती म्हणाली.

"हे मूळचं आहे. पंखा काढलेलं देऊ का? त्यात स्वच्छ येतं."

"नको. हेच द्या. त्या खोलीत पंखा होताच."

तिच्या फोनवर घालून दिलं आणि माझ्याकडे जे जे होतं ते तिच्यासमोर पुसलं. तिनं नीट बघितलं, एक उरलं होतं तेही बोट दाखवून पुसायला लावलं. मग दारात थांबली.

"तुमच्या बहीणबाई कधी परत येणार?"

मी सांगितलं, तुला घरी बसवलंय ते. तिला माहीतच नव्हतं.

"मी तक्रार केली ती हे कोणी केलं ते कळावं म्हणून. त्यांना काढा, असं मी कुठे म्हटलं होतं? नवीन बाई दिल्यात तिथे. माझी पोर त्यांच्याकडे तोंड फिरवून बसते. उद्या जाऊन सांगते मी."

ती जाऊन सांगेल, असं वाटतं. तशी बाई आहे. माझ्यासाठी नाही, आणि तुझ्यासाठीही नाही. तिच्या पोरीसाठी.


५ जून

ताई,

तू तिथे होतीस, तरी लिहितो. दुसरं कोणाला सांगणार?

तू परत कामावर गेलीस, हे आईकडून कळलं होतं. तुझी चिठ्ठीही आईनंच हातात ठेवली. मला वाटलं, आता तरी चार शिव्या असतील. तू लिहिलं होतंस: "ती चित्रं काढते. बोबडीबाईच्या पोटात तिचा आवाज. तिला वाटतं, मोज्यानं तो खाल्ला. मोज्यानं नाही, माणसानं घेतला, हे तिला बघू दे. तिच्या आईनं परवानगी दिली आहे. गुरुवारी ये. फोन घरी ठेव. आत एक शब्द बोलायचा नाही. तिनं नको अशी मान हलवली, की तत्क्षणी निघायचं." खाली नाव नव्हतं. ठोंब्याही नव्हतं.

दार तू उघडलंस आणि माझ्या खांद्यावरून पलीकडे बघत बाजूला झालीस. बोबडीबाई वरच्या फळीवर होती, आत कोणाचा हात नसलेली, लुळी पडलेली. मुलगी खिडकीपाशी. मला वाटलं होतं त्यापेक्षा लहान आहे. पिवळे बूट तिला आता घट्ट होत असावेत, मागची टाच दाबून चपलेसारखे घातले होते.

मी कुठे बसायचं ते तू सांगितलं नाहीस. मी पहिली दिसली त्या खुर्चीवर बसलो. गुडघे हनुवटीला लागले.

तू तिच्यापाशी खाली बसलीस. "हा माझा धाकटा भाऊ. तुझा आवाज यानं घेतला होता. तुला विचारलं नाही, तुझ्या आईला विचारलं नाही, मला विचारलं नाही. बोबडीबाईनं काही केलेलं नाही. तिला तर माहीतही नव्हतं." तू हे इतक्या साध्या आवाजात सांगितलंस, की मला वाटलं, ओरडली असतीस तर बरं झालं असतं.

तिनं माझ्याकडे बघितलं. मी आजवर कोणाला घाबरलो नाही इतका तिला घाबरलो, ताई. माझे हात कुठे ठेवायचे ते कळेना, मांडीवर उघडे ठेवले. ती उठली आणि माझ्याभोवती लांबून एक फेरी मारली. माझे बूट बघितले. हात बघितले, तळवे, मग वाकून मागची बाजू. मागे गेली तेव्हा मान वळवायचा धीर झाला नाही. मग पुढे येऊन थांबली, अगदी जवळ. मला वाटलं, मारेल. मारावं, असंही वाटलं.

"ऊठ," ती म्हणाली.

घोगरा आवाज होता, बरेच दिवस न वापरलेला. मला आधी कळलंच नाही. मी तुझ्याकडे बघितलं. तुझ्या हातातली पेन्सिल कागदावर टेकलेली होती आणि हलत नव्हती.

"माझी खुर्ची," ती म्हणाली.

मी उठलो. तू आनंदानं काही बोलली नाहीस, तिला जवळ घेतलं नाहीस. नेहमीसारखं म्हणालीस, "त्याला माहीत नव्हतं." ती बसली, माझ्याकडे पाठ केली आणि रंगीत खडू पुढे ओढले. पुढे काही बोलली नाही. दुसरी खुर्ची होती, कोपऱ्यात. तू ती मला दाखवली नाहीस, मीही घेतली नाही. तास संपेपर्यंत भिंतीला लागून उभा राहिलो.

बाहेर बाकावर तिची आई होती. तिनं माझ्याकडे बघितलं नाही, उघड्या दाराकडे बघितलं. तू तिला आत बोलावलंस. मी जिना चढून वर आलो.

घरी पोचलो तर आई दारातच उभी. तिला सगळं माहीत आहे, तिनं तुझी चिठ्ठी वाचली असणार. "काय रे, बोलली का ती पोर? काय म्हणाली?"

शब्द ओठांवर आले होते.

मी म्हटलं, "ते ताईला विचार," आणि आत जाऊन हातपाय धुतले.